राशीचं पहिलं सूप

दुपारी जेवून आडवी झाले की हल्ली मला झोप लागत नाही, नुसती गुंगी येते. आणि त्या गुंगीत मी चालत असते. जऊळक्याच्या स्टेशनावर उतरून, रूळ ओलांडून, किन्हीराजाच्या बाजूला. पुढे सासूबाई असतात. त्यांची काळी छत्री, पांढरं लुगडं, खांद्याला कापडाची लांबोडकी पिशवी. दोन्हीकडे ज्वारी डोक्याच्या वर गेलेली, आणि वारा आला की पानांची अशी सळसळ, की शेजारच्या खोलीत कुणी कागद आवरतंय असं वाटावं. मी म्हणते, आई, जरा हळू चला. त्या थांबत नाहीत. जागी होते तेव्हा पाय खरोखरच दुखत असतात.

सासूबाई बायबलबाई होत्या. हा शब्द आता आमच्या नातवंडांनाही फोड करून सांगावा लागतो, तेव्हा सांगूनच टाकते. मिशनच्या काळात ख्रिस्ती मंडळीतल्या काही बायांना हे काम दिलेलं असे. खेड्यापाड्यांत जायचं, बायकापोरांत बसायचं, शास्त्रातल्या गोष्टी सांगायच्या, गाणी म्हणायची, कुणाचं लेकरू तापलं असेल तर कपाळावर ओली पट्टी ठेवायची. पुरुषांना उपदेश करायचा नाही, तो पाळकांचा, म्हणजे चर्चच्या धर्मगुरूंचा, मान. आणि एकटीनं जायचं नाही, दोघींनी जायचं, असा नियम. सासूबाईंची जोडीदारीण थकून लेकाकडे राहायला गेली आणि नेमकी त्याच वर्षी मी लग्न होऊन त्या घरात आले. म्हणजे माझ्या हातात चुलीआधी छत्री आली. माझे यजमान शाळेत मास्तर. त्यांनी यात कधी तोंड घातलं नाही. मी कुरकुर करायला लागले की ते वर्तमानपत्र उघडत.

मी नगरकडची, बोर्डिंगात वाढलेली. शुद्ध बोलायचे आणि त्याचा मला तोराही होता. इकडचं 'मले', 'तुले', 'काहून' ऐकून मला हसू यायचं. माझं 'मला', 'तुला' ऐकून गावातल्या बाया तोंडाला पदर लावायच्या. दोन्ही बाजूंनी फिट्टंफाट.

आम्ही ज्या गावी सगळ्यांत जास्त जायचो, ते सासूबाईंचं माहेर. माहेर म्हणायचं ते आपलं म्हणायला. गावाच्या टोकाला त्यांच्या बापाचं घर होतं, ते केव्हाच पडलं होतं, आणि माणसं मिशनच्या आसऱ्यानं शहरात गेली होती. गावात मधोमध एक कडुनिंब आणि त्याच्यासमोर एका खात्यापित्या शेतकऱ्याचं घर, पुढे ऐसपैस ओटा. त्या ओट्याची गोष्ट सासूबाईंनी मला पहिल्याच फेरीत सांगितली होती. लहानपणी त्या आईबरोबर सरपण घेऊन त्या घरी येत. तहान लागली तर आई ओट्याखाली ओंजळ धरून बसे, आतून घरची मालकीण येई आणि उंचावरून पाण्याची धार सोडी. अर्धं पाणी ओंजळीत, अर्धं लुगड्यावर. त्यांनी हे अगदी हसतमुखानं सांगितलं. मला मात्र ते ऐकून अंगाचा तिळपापड झाला. पुढे कितीतरी दिवस त्या ओट्याकडे पाहिलं की मला आधी ती ओंजळ दिसायची.

आता त्या मालकिणीची सून त्या घरची मालकीण झाली होती. तिला सारा गाव काकी म्हणायचा, आम्हीही काकीच म्हणायचो. काकी आम्हाला पाण्याचा तांब्या हातात द्यायची. एवढा फरक पडला होता. पण उंबरठ्याच्या आत तिनं कधी बोलावलं नव्हतं. ओटा ही आमची हद्द, ती दोन्हीकडून पाळली जायची, आणि त्यावर कुणी काही बोलायचं नाही.

निंबाच्या बुंध्याला सासूबाई आपला फळा टेकवून ठेवत. फळा म्हणजे पुठ्ठ्यावर ताणून बसवलेलं आकाशी रंगाचं मऊ लोकरी कापड. कागदी चित्रांच्या पाठीला तसलंच कापड डकवलेलं असे, त्यामुळे चित्र नुसतं टेकवलं की चिकटून राही. डिंक नाही, टाचणी नाही. पोरांना ही जादू वाटायची, आणि खरं सांगायचं तर मलाही. दुपारचं ऊन निंबातून गळून त्या आकाशी कापडावर हलायचं, आणि ती कागदाची माणसं श्वास घेतायत असं वाटायचं. चित्रं परदेशी होती. सगळ्यांचे केस सोनेरी. सासूबाईंनी शाईनं ते काळे केले होते, आणि एका विधवेच्या चित्राला तर जुन्या लुगड्याच्या काठाची चिंधी डकवून पदर दिला होता.

ती विधवा त्यांची लाडकी. दुष्काळ पडलेला, घरात मडक्याच्या तळाशी मूठभर पीठ. ते भाजून लेकराबरोबर खायचं आणि मरायचं, असं तिनं ठरवलेलं. तेवढ्यात दारात एक उपाशी संदेष्टा, देवाचा निरोप आणणारा, येतो आणि म्हणतो, आधी मला दे. इथे सासूबाई थांबायच्या आणि पोरांना विचारायच्या, आता या बाईनं काय करावं? मग जो गोंधळ व्हायचा तो व्हायचा. एक पोरगी म्हणाली होती, पीठ लपवून ठेवावं आन् सरलं म्हनून सांगावं. दुसरा म्हणाला, खोटं बोलली तर पाप लागन. पोरगी म्हणाली, लेकरू मेलं तर नाई लागनार का? सासूबाई कुणाला चूक म्हणत नसत. भांडण पुरतं रंगलं की त्या पुढची गोष्ट सांगत. ती बाई देते, आणि मग मडक्यातलं पीठ काही केल्या सरत नाही. शेवटचं चित्र, भरलेल्या मडक्याचं, एखाद्या पोराच्या हातात देत आणि त्याच्याकडून फळ्यावर लावून घेत. मग सगळं आवरून पिशवीत.

मला हे अर्धवट वाटायचं. आमच्या बोर्डिंगात प्रत्येक गोष्टीच्या शेवटी बोध असे, तो पाठ करावा लागे, आणि नाही आला तर उभं राहावं लागे. एकदा मी न राहवून म्हणाले, आई, बोध सांगायचा राहिला. त्या चालता चालता म्हणाल्या,

"बोध सांगतला का पोरं घरी जातात. नाई सांगतला का गोष्ट घरी जाते."

 मला मनातून काही पटलं नव्हतं.

ओट्याच्या कडेला बसून काकी वाती वळत असायची. तिचं लक्ष वातीत आहे असं ती दाखवायची, पण पोरांनी विधवेला खोटं बोलायला लावलं की तिचा हात थांबायचा.

मग बहात्तरचा दुष्काळ आला. निंबाखाली पोरं कमी झाली, कारण मोठी पोरं खडी फोडायला जायला लागली. सगळीकडे रेशनची लाल ज्वारी, तिची भाकरी विटेसारखी, आणि खाल्ली की पोटात तासन्‌तास बसून राहायची. त्या विधवेची गोष्ट तेव्हा सासूबाईंनी वर्षभर सांगितली नाही. मी विचारलं तर म्हणाल्या, भुकेल्या पोराले पिठाची गोष्ट सांगाले जीभ रेटत नाई.

दुष्काळ सरतासरता मिशनच्या मिसबाई कायमच्या त्यांच्या देशी गेल्या. बायबलबायांचा पगार त्यांच्या तिकडून येई, तो बंद झाला. कारभार आपल्याच लोकांच्या हातात आला, याचा मला आनंद झाला होता. तो आनंद टिकला नाही, कारण आपल्या लोकांच्या कमिटीनं पहिलंच काम काढलं ते सासूबाईंचं. म्हणजे वाईट हेतूनं नव्हे. पाळक भले गृहस्थ होते. ते म्हणाले, बाईंना देण्यासारखं मंडळीपाशी काही नाही, बोर्डिंगातल्या स्वयंपाकघराची जागा आहे ती त्यांनी घ्यावी. तिथे जेवण, सावली, दोन लुगडी. माझ्या पायांना ती कल्पना फार आवडली. सासूबाईंना नाही. खेडी सोडायची म्हणजे त्यांच्या लेखी बोलणंच सोडायचं. चर्चमध्ये बाईनं बोलायचं नाही, कमिटीत बाईला जागा नाही. बोलायला जागा होती ती त्या निंबाखाली, पोराबाळांत. ती गेली की त्या मुक्याच होणार होत्या, आणि हे त्यांना माहीत होतं, मलाही माहीत होतं.

शेवटी मंडळीतल्या बायांनीच तोड काढली. आमच्यात मुठीची रीत होतीच. स्वयंपाकाला बसताना आधी मूठभर धान्य देवाच्या कामासाठी वेगळ्या मडक्यात टाकायचं आणि रविवारी चर्चच्या ओसरीवरच्या रांजणात आणून ओतायचं. ही मूठ बायबलबाईला द्यावी, असं बायांनी पाळकांच्या बायकोमार्फत कळवलं. कमिटी म्हणाली, ठीक, वर्षभराची ज्वारी मुठीतून जमली तर काम चालू, नाही जमली तर स्वयंपाकघर. पण घरं किती थोडी, आणि दुष्काळातून नुकती उठलेली. मूठ कुठून मोठी होणार? रविवारी रांजणात हात घातला तर कोपरापर्यंत जायचा आणि तळाला लागायचा.

त्या वर्षी पिकं मात्र छान आली होती. हिवाळ्यात आम्ही गावी गेलो तर निंबाखाली सगळं रिकामं, माणसं खळ्यावर. काकी वाटेत भेटली. तिनं विचारलं, बाई वाळल्यासारख्या काहून दिसतात? सासूबाई काही नाही म्हणाल्या. माझी जीभ मात्र सैल. मी सगळं सांगून टाकलं, पगार, मूठ, स्वयंपाकघर, सगळं. सासूबाईंनी माझ्याकडे असं पाहिलं, की घरी गेल्यावर माझी धडगत नाही हे मला कळलं. काकी ऐकून घेऊन एवढंच म्हणाली, खळ्यावर चला.

ते खळं मला अजून दिसतं. सारवलेली गोल जमीन, मधोमध ज्वारीची रास, पांढरीशुभ्र. दोन वर्षं लाल ज्वारी पाहिलेल्या डोळ्यांना तो पांढरा रंग सोसत नव्हता. हवेत कोंडा तरंगत होता आणि उन्हात तोही चमकत होता. राशीची पूजा नुकतीच झालेली. वर नारळ, हळदीकुंकवाची बोटं. राशीतलं पहिलं सूप देवाचं, अशी तिकडची रीत. देवाच्या नावाचा कुणी जोगी, गुरव खळ्यावर येतो, त्याच्या झोळीत ते जायचं. काकीनं सूप भरलं, वरून चिमूटभर हळदकुंकू टाकलं, आणि सासूबाईंसमोर उभी राहिली. म्हणाली, पदर धरा.

सासूबाईंना कळेना. काकीनंच त्यांच्या पदराचं टोक उचलून त्यांच्या हातात दिलं आणि सूप रितं केलं. वरून नव्हे. सूप पदराला टेकवून, हात पदराला लावून, दाणा न् दाणा. मग शेजारच्या खळ्यावरच्या बाया आल्या, त्यांनी आपापली सुपं आणली. देवाची बाई आली हाये, असं एकमेकींना सांगत होत्या. शेवटी काकीच्या गड्यानं पोतं आणून दिलं.  स्टेशनापर्यंत बैलगाडीतून येताना सासूबाई पोत्यावर हात ठेवून बसल्या होत्या आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं. ते पुसायचंही त्यांना सुचत नव्हतं.

रविवारी पोतं रांजणात रितं केलं. वर्षाची सोय झाली होती, वर थोडी उरत होती. बाया खूश. आणि तिथेच माशी शिंकली.

कमिटीत एक वडील, म्हणजे मंडळीचे वडीलधारे पंच, होते, पोस्टातून निवृत्त झालेले, ताठ बसणारे. त्यांनी रांजणात हात घातला आणि मूठ उघडून पाहिली. दाण्यांवर पिवळं होतं, लाल होतं. त्यांनी विचारलं, हे काय? मी सांगितलं. पुन्हा माझीच जीभ. त्यांचा चेहरा पडला. उपासना झाल्यावर कमिटी बसली. आम्ही बाया मागच्या पडवीत चहा करत होतो आणि आतलं सगळं ऐकू येत होतं. मूर्तिपूजेत वाहिलेलं धान्य मंडळीच्या कामाला चालणार नाही, ज्यांचं त्यांना परत करावं, असं ठरलं. त्या वडिलांना मी मनातल्या मनात खूप बोलले, पण त्यांचीही बाजू होती. बाप्तिस्मा घेताना त्यांनी घरचे देव नदीत सोडले होते, आणि त्यापायी भावांनी त्यांना जन्मभर तोडलं. हळदीचं ते बोट त्यांना साधं दिसणं शक्यच नव्हतं.

ज्या बाईच्या पोटाचा प्रश्न होता, ती पलीकडे दुधात साखर घालत होती. तिला आत कुणी बोलावलं नाही. मला इतका राग आला की मी कप जोरात आपटला. सासूबाई म्हणाल्या, फुटला तर तुयाच घरून भरून द्या लागन.

ज्वारी परत पोत्यात भरून शिवली आणि आम्ही पुन्हा त्याच आगगाडीनं निघालो. वाटेत मी तोड सुचवली. सांगू, की धान्याला भुंगे लागले. किंवा सांगू, मिशनकडून सोय झाली, आता गरज नाही. त्यांचं मन दुखणार नाही, आपलंही काम होईल. सासूबाई खिडकीबाहेर बघत होत्या. तूर पिवळी पडली होती.

"इतके वर्सं पोरायले काय सांगून राह्यली मी?" त्या म्हणाल्या. 

गावात गाडीवानानं पोतं काकीच्या ओट्यावर टेकवलं. काकी बाहेर आली, पोत्याकडे बघितलं, आमच्याकडे बघितलं.

"काहून वो बाई? परत काहून आनली?"

सासूबाईंनी जसं होतं तसं सांगितलं. पंचांनी सांगितलं आहे, तिला हळदकुंकू लागलं आहे, देवाला वाहिलेली आहे, आम्हाला चालत नाही. एकही शब्द मऊ केला नाही. मी जमिनीकडे बघत होते.

"म्हंजे बाटली," काकी म्हणाली.

हा शब्द कुणाचा आहे हे तिथल्या तिघींनाही माहीत होतं. आम्ही ख्रिस्ती झालो म्हणून आम्हाला बाटगे म्हणत आलेल्या लोकांचा. तो शब्द सासूबाईंनी जन्मभर पाठीवर वागवला होता. आज तो त्यांनीच पोत्यात भरून या दारात आणून ठेवला होता.

काकी खांबाला टेकली. आवाज चढवला नाही.

"माह्या सासूनं तुमच्या मायले वरून पानी देल्लं. मी नवी नवरी होती, म्या पाह्यलं हाये. मले नोतं आवडलं, पन तवा मी कोन बोलनारी? म्या माह्या हातानं तुमच्या पदरात सूप वतलं. आन् आता तुमी मले वरून वाढून राह्यल्या, बाई."

 सासूबाई ओट्याच्या कडेला उभ्या होत्या, अगदी तिथे, जिथे त्यांची आई ओंजळ धरून बसायची. मला वाटलं त्या रडतील. त्या रडल्या नाहीत. त्यांनी पोत्याची शिवण उसवली, पदर पसरला, दोन ओंजळी ज्वारी घेतली, आणि म्हणाल्या,

"काकी, तुमचं जातं कुठी हाये?"

जातं आत होतं. चुलीपाशी. काकी दारात उभी होती आणि दार तिनं भरून टाकलेलं होतं. आता परीक्षा तिची होती. तिला ते समजलं, ते तिच्या चेहऱ्यावर मला दिसलं. मागच्या भिंतीवर तिच्या सासूचा हार घातलेला फोटो होता. काकीनं एकदा मागे वळून पाहिलं. मग ती बाजूला सरली.

सासूबाईंनी चपला काढल्या आणि आत गेल्या. मी मागून. आतला अंधार गार होता, सारवणाचा आणि राखेचा वास. जात्याचा खुंटा एकटीला ओढवेना, तेव्हा काकी समोर बसली आणि तिनंही खुंट्याला हात घातला. एकावर एक हात. जातं फिरू लागलं. घरघर अशी संथ, की माझे डोळे मिटायला लागले.  मध्येच काकीनं ओवीची एक चाल गुणगुणली, शब्दांवाचून, आणि सासूबाईंनी तीच चाल पुढे नेली. त्यांच्या आईचीही तीच चाल असणार, एकाच गावातल्या दोघी. किती वेळ ते चाललं मला सांगता येणार नाही. माझ्या दुपारच्या गुंगीत ते अजून चाललेलं असतं.

भाकरी सासूबाईंनी थापली, काकीच्या चुलीवर. तव्यावरून उतरली तेव्हा तिच्यावर एक पिवळा ठिपका होता. त्यांनी पुटपुटत जेवणाआधीची उपकारस्तुती केली, तुकडा मोडला, ठिपक्याचाच, आणि खाल्ला. मग दुसरा तुकडा मोडून काकीपुढे धरला. काकीनं तो घेतला. ती आधी रडायला लागली आणि मग खाल्ला, का आधी खाल्ला आणि मग रडली, ते आता आठवत नाही. मला ठेचा वाढला तो मात्र आठवतो, इतका जहाल होता की माझ्याही डोळ्यांतून पाणी आलं. त्याचं खापर मी मिरचीवर फोडलं.

पोतं घेऊन आम्ही परत आलो. पुढच्या रविवारी कमिटी बसली. चहाचं ताट घेऊन सासूबाई आत गेल्या. नेहमी ताट ठेवून बाहेर यायचं. त्या दिवशी त्यांनी ताट ठेवलं आणि तिथेच उभ्या राहिल्या. मी दाराच्या फटीला डोळा लावला. त्या म्हणाल्या, ज्वारी परत केली नाही. त्यांच्या घरी दळली, त्यांच्या चुलीवर भाजली आणि खाल्ली. आता मंडळीला काय करायचं ते करावं.

पोस्टातल्या वडिलांनी विचारलं, तुम्हाला नियम ठाऊक नव्हता का? सासूबाई म्हणाल्या, ठाऊक होता. मग पाळकांकडे वळून त्यांनी विचारलं,

"साहेब, दुष्काळातल्या त्या विधवेचं पीठ संदेष्ट्यानं खाल्लं. ती परक्या मुलखाची. तिच्या घरात कोनते देव होते, ते त्यानं आधी इचारलं का?"

 ही गोष्ट तिथल्या प्रत्येकानं संडे स्कूलमध्ये शिकवलेली होती, आणि बोध पाठ करून घेतलेला होता. पोस्टातले वडील बोलले तेव्हा त्यांचा आवाज मी कधी ऐकला नव्हता इतका बारीक होता. ते म्हणाले, मग मी माझे देव नदीत सोडले, ते उगीच का? सासूबाई म्हणाल्या, नाही, तुम्ही सोडले तेही खरं, मी खाल्लं तेही खरं. 

पाळक म्हणाले, ज्वारी मुठीत धरावी, पुढचं पुढच्या खळ्याला बघू. वडिलांनी चहा घेतला नाही. कितीतरी महिने ते सासूबाईंशी बोलले नाहीत. काम मात्र टिकलं. निंबाखाली आकाशी फळा पुन्हा लागला, आणि त्या हिवाळ्यात सासूबाईंनी विधवेची गोष्ट पुन्हा सांगायला घेतली.

पुढच्या खळ्याला काकीनं सूप तयारच ठेवलं होतं. रास अजून पुजायची होती. नारळ, हळदकुंकू ताटात तसंच पडून. तिनं पूजेच्याही आधी आमची ज्वारी वेगळी काढली होती. कोरी, स्वच्छ. म्हणाली, यंदा आधी तुमची, मंग देवाची, आता तुमच्या पंचायले काही म्हनता येनार नाई. तिला स्वतःच्या या अकलेचा फार अभिमान वाटत होता. सासूबाईंनी पदर पसरला, सूप टेकवून घेतलं, तिच्या हातावर हात ठेवला आणि हसल्या.

रविवारी रांजणात पोतं रितं झालं. पोस्टातल्या वडिलांनी मूठभर दाणे घेऊन पाहिले आणि पुन्हा आत सोडले.  सगळं नियमात होतं.

घरी त्या ज्वारीची पहिली भाकरी मी केली. चांगली झाली होती, पापुद्रा सुटलेला. सासूबाईंनी ती हातात घेतली, उजेडाकडे धरली आणि उलटीपालटी करून पाहिली. मी विचारलं, काय शोधताय आई, करपली का?

"नाई," त्या म्हणाल्या. एक घास खाल्ला, सावकाश चावला. "मागल्या वर्साची गोड होती."